शल्यवैद्य मासा आणि पोवळ्यांचें शेत

उसाची लागण झाल्यावर भांगलण लांबली तर काय होतें, हें वाळवे तालुक्यांतील शेतकऱ्याच्या मुलास सांगावयास नको. तण वर येतें, कोवळा कोंब सांवलींत पिवळा पडतो, आणि पुढें खतपाणी कितीही घातलें तरी फुटवा यावा तसा येत नाहीं. असेंच एक शेत समुद्राच्या तळाशीं असून तेथील भांगलण मासे करितात, असें आम्हीं वर्गांत सांगितलें तेव्हां मुलें हंसलीं. त्या हंसण्यास उत्तर म्हणून हा लेख लिहीत आहों.

हें शेत पोवळ्यांचें होय. पोवळें म्हणजे दगड नव्हे आणि वनस्पतीही नव्हे. तो प्राणी आहे. आंगठींत बसवितात तें तांबडें पोवळें ह्याचें दूरचें भावंड. पण तें असे खडक बांधीत नाहीं. खडक बांधणारें पोवळें उथळ, उबदार व निर्मळ पाण्यांत वाढतें. त्यांतील एकेक जीव बहुधा कांहीं मिलिमीटरांचाच असतो. तो आपल्याखालीं चुन्याचें घर बांधतो, आणि हजारों वर्षें घरांवर घरें चढून खडक उभा राहतो. ह्या जीवांच्या अंगांत अतिसूक्ष्म शैवाल वस्तीस असतें. तें सूर्यप्रकाशावर अन्न तयार करितें व त्यांतील मोठा वांटा यजमानास देतें. म्हणून पोवळ्यास ऊन हवें. आणि वर माजून तें ऊन अडविणारें मोठें शेवाळ हें त्याचें तण.

आपल्याकडे मालवणास सिंधुदुर्ग किल्ल्याच्या परिसरांत पोवळीं आहेत; १९८७ सालीं तेथें सागरी अभयारण्य जाहीर झालें. विजयदुर्गापासून सुमारें १०५ किलोमीटर पश्चिमेस समुद्राखालीं एक विस्तीर्ण उंचवटा आहे, त्यावरही पोवळीं आहेत. त्यास आंग्रिया बँक म्हणतात; तें नांव कान्होजी आंग्र्यांवरून पडलें. परंतु आमच्या माशांचे कळप पाहावयाचे तर त्याच समुद्रांत आणखी दक्षिणेस लक्षद्वीपाकडे गेलें पाहिजे. तेथील बेटें पोवळ्यांनींच घडलेलीं आहेत.

ह्या माशास इंग्रजींत सर्जन फिश म्हणतात. आम्ही शल्यवैद्य मासा म्हणूं. शेपटीच्या मुळाशीं दोन्ही अंगांस त्याला एकेक धारदार कांटा असतो. बहुतेक जातींत तो खोबणींत मिटलेला राहतो व शत्रु जवळ येतांच चाकूचें पातें उघडावें तसा बाहेर येतो. बेसावध कोळ्याचा हात त्यानें चांगलाच फाटतो. नांव ह्या हत्यारावरून पडलें खरें. पण भांगलणीचें काम ह्यानें होत नाहीं. खुरपें म्हणावयाचें तर तें माशाच्या तोंडांत आहे. तोंड लहान, दांत बारीक. त्यांनीं तो खडकावरील शेवाळ दिवसभर खुडीत असतो.

ह्या कुळांत ऐंशींहून अधिक जाती आहेत, आणि सर्वांची रीत एक नाहीं. निळ्यापिवळ्या पट्ट्यांचा एक मासा आपला वाफा राखतो व दुसऱ्यास तेथें फिरकूं देत नाहीं. काळ्या उभ्या पट्ट्यांचा दुसरा, ज्यास कैदी मासा म्हणतात, मोठ्या जमावानें येतो. मग राखणदार किती जणांस हांकलणार? तिसऱ्या एका जातीचे दांत कुंचल्यासारखे असतात. तो खडकावर बसलेला गाळ व कुजका कचरा झाडून खातो. कांहीं जाती तर पाण्यांत तरंगणाऱ्या बारीक जीवांवरच पोट भरतात. त्यांस भांगलणकरी म्हणतां येणार नाहीं. आणखी एक नवल सांगण्याचा मोह आवरत नाहीं. ह्या माशांच्या आंतड्यांत १९८५ सालीं एक जीव प्रथम सांपडला. तो अर्ध्या मिलिमीटरहून लांब, म्हणजे नुसत्या डोळ्यांस दिसण्याजोगा; त्यामुळें त्यास कोणी जंतु म्हणेना. तो खरोखर बॅक्टेरियाच आहे हें १९९३ सालीं ठरलें.

भांगलण बंद पडली तर काय होतें, ह्याचा दाखला जमेका बेटानें दिला. तेथें खडकांवरील मासे पूर्वीच अतोनात धरले गेले होते, आणि शेवाळ खाण्याचें काम काळ्या कांटेरी समुद्री साळूंवर येऊन पडलें होतें. १९८० च्या वादळानें पोवळीं मोडलीं. १९८३ सालीं साथ येऊन बहुतेक साळू मेले. मग शेवाळास कोण आवरणार? १९७० नंतरच्या दशकांत तळाचा सुमारें निम्मा भाग जिवंत पोवळ्यानें झांकलेला होता. पुढील वीसएक वर्षांत तो शेंकडा पांचांच्या आंत आला.

लक्षद्वीपाची गोष्ट निराळी झाली. १९९८ सालीं समुद्र फार तापला. पोवळ्यांनीं आपल्या अंगांतील शैवाल बाहेर टाकलें, तीं पांढरीं पडलीं, व पुष्कळ मेलीं. शेवाळास उघडें रान मिळालें होतें. पण तेथील लोक मुख्यतः खोल पाण्यांतील कुप्पा मासा गळानें धरितात. खडकांवरच्या माशांस त्यांचा त्रास थोडा. त्यामुळें शल्यवैद्य आणि त्यांचे सोबती पोपटमासे शाबूत राहिले व मेलेल्या पोवळ्यांवर तण माजलें नाहीं. स्वच्छ जागा मिळाली म्हणून पोवळ्यांचीं पिल्लें तेथें चिकटलीं, आणि सुमारें दहा वर्षांत अनेक ठिकाणीं खडक पुन्हा बऱ्यापैकीं भरून आले. मात्र २०१०, २०१६ व २०२४ सालीं समुद्र पुन्हा तापला. मासा तण काढूं शकतो, पाणी थंड करूं शकत नाहीं. आणि दोन तडाख्यांमध्यें पोवळ्यास सांवरावयास मिळणारा अवधि आतां आखूड झाला आहे. अशा वेळीं गिऱ्हाईक मिळतें म्हणून खडकांवरचे मासेही जाळ्यांत ओढूं लागलों, तर राहिलेली भांगलणही गेली.

सायंकाळीं हे मासे चरणें थांबवून खडकांच्या फटींत शिरतात. मग अंधार पडतांच पोवळ्यांचे ते चिमुकले जीव आपापल्या घरांतून बाहेर डोकावतात, आणि बारीक हात पसरून पाण्यांतील भक्ष्य टिपूं लागतात.