मोतीला रोज किती खायला द्यावे?

तुमच्या मोहल्ल्यात एखादा तरी कुत्रा असेलच. कोणी त्याला शिळी भाकरी टाकतो, कोणी लग्नघरचा उरलेला भात टाकतो. एक दिवस पोट फुटेपर्यंत खाणे, मग दोन दिवस उपास! पण त्याला रोज किती अन्न लागते, याचा हिशेब तुम्ही कधी केला आहे का?

समजा, मालेगावात एका यंत्रमाग कारखान्याच्या दाराशी मोती नावाचा कुत्रा राखण करतो. प्रथम त्याचे वजन हवे. कुत्रा काट्यावर स्वस्थ उभा राहत नाही. म्हणून राखणदाराने आधी आपले वजन करावे, मग मोतीला उचलून घेऊन पुन्हा वजन करावे. समजा, पहिले वजन 60 किलो आणि दुसरे 76 किलो भरले. म्हणजे मोती 16 किलोचा.

आता तुम्ही म्हणाल, 16 किलोच्या कुत्र्याला 8 किलोच्या कुत्र्याच्या दुप्पट अन्न लागेल. येथेच आपण फसतो. एका मोठ्या बटाट्यापेक्षा तेवढ्याच वजनाचे लहान लहान बटाटे लवकर थंड होतात ना? तसेच लहान प्राण्याचे शरीर आपली उष्णता लवकर गमावते. त्यामुळे वजनाच्या मानाने त्याला जास्त अन्न लागते. मॅक्स क्लायबर या शास्त्रज्ञाने 1932 साली अशा निरनिराळ्या आकारांच्या प्राण्यांची तुलना करून एक नियम मांडला. कुत्र्यासाठी तो असा वापरतात: वजनाचा घन करा, त्याचे वर्गमूळ काढा, आलेल्या संख्येचे पुन्हा वर्गमूळ काढा आणि 70 ने गुणा.

मोतीचे गणित सोपे आहे. 16 चा घन 4096. त्याचे वर्गमूळ 64, आणि 64 चे वर्गमूळ 8. आठ गुणिले 70 म्हणजे 560 किलोकॅलरी. (वर्गमूळ कशाला शिकायचे, असे विचारणाऱ्यांनी हे उदाहरण वहीत उतरवून ठेवावे.)

पण ही झाली नुसते पडून राहण्यापुरती ऊर्जा. मोती तर हिंडतो, भुंकतो, रात्रभर जागतो. साधारण मोठ्या कुत्र्यासाठी या संख्येला 1.8 ने गुणतात; नसबंदी झालेली असेल तर 1.6 ने. मोतीची नसबंदी झालेली नाही. म्हणून 560 गुणिले 1.8, म्हणजे सुमारे 1000 किलोकॅलरी.

हे अन्नात कसे मोजायचे? 50 ग्रॅम पिठाच्या ज्वारीच्या भाकरीतून सुमारे 170 किलोकॅलरी मिळतात. सहा भाकऱ्या टाकल्या की आकडा पुरा होतो, पण त्यात प्रथिने कमी पडतात. त्यापेक्षा तीन भाकऱ्या, दोन उकडलेली अंडी आणि 200 ग्रॅम उकडलेले बिनहाडाचे कोंबडीचे मांस बरे. कांदा-लसणाचा रस्सा मात्र त्याला कधीही घालू नका. तो कुत्र्यांना विषासारखा आहे. शिजवलेली हाडेही नकोत, ती फुटून आतड्यात रुततात.

जास्त खाऊ घालणे म्हणजे प्रेम, असे पुष्कळांना वाटते. 2002 साली अमेरिकेत एक अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यात लॅब्रॅडोर जातीच्या 48 कुत्र्यांच्या जोड्या लावल्या होत्या. प्रत्येक जोडीतील एकाला दुसऱ्यापेक्षा चौथाई अन्न कमी दिले. कमी खाणारे कुत्रे साधारण पावणेदोन वर्षे जास्त जगले. कुत्र्याच्या आयुष्यात एवढा काळ थोडा नव्हे.

तरी कागदावरचा आकडा हा अंदाजच असतो. दर पंधरा दिवसांनी मोतीच्या बरगड्यांवरून हात फिरवावा. बरगड्या हाताला सहज लागल्या पाहिजेत, पण लांबून मोजता येऊ नयेत. लागत नसतील तर अर्धी भाकरी कमी करावी. उठून दिसत असतील तर वाढवावी.

आता तुम्ही एक किलोच्या पिल्लाचे गणित करा. एकाचा घन एक, वर्गमूळही एकच. म्हणून 70 किलोकॅलरी. चार महिन्यांपर्यंतच्या पिल्लाला ती तिप्पट लागते, म्हणजे 210. मोतीचे वजन पिल्लाच्या सोळापट, पण अन्न जेमतेम पाचपट! पिल्लाचे पोट मात्र लहान असते. म्हणून त्याला हे अन्न दिवसातून चार वेळा, थोडे थोडे द्यावे.