निःशब्द ओढ

मनांतील ओढ व्यक्त करण्यास शब्द लागतातच काय, या प्रश्नाचा विचार आम्ही येथें करणार आहों. आपल्या शिरूर तालुक्यांतील जात्यावरच्या ओव्या ऐकल्या, तर शब्दच हवेत असें वाटतें. दूरच्या भावाची आणि माहेराची आठवण आपल्या आयाबायांनीं दळतां दळतां ओवींतच ओतली. हेमा राईरकर व गी पॉइटवाँ यांच्या संग्रहांत अशा एक लक्षाहून अधिक ओव्या आहेत.

परंतु हीच ओढ शब्दांवांचूनही प्रकट होते. मुंबईच्या चित्रकर्त्री गीतांजली राव यांनीं ‘प्रिंटेड रेनबो’ नांवाचा सुमारें १५ मिनिटांचा हस्तचित्रित चलत्‌चित्रपट केला. २००६ सालीं कान येथील चित्रपट महोत्सवाच्या समीक्षक सप्ताहांत तो दाखविण्यांत आला व त्यास तीन पारितोषिकें मिळालीं. शहरांतील एका घरांत एक वृद्ध स्त्री आणि तिचें मांजर राहतात. तिनें आगपेट्या जमविल्या आहेत. त्यांवरील चित्रांच्या जगांत ती मनानें शिरते. सबंध चित्रपटांत संवाद नाहीं.

मग तिचें एकाकीपण आपणांस कसें कळतें? पहिलें साधन रंग. तिचें नित्याचें जग करडें, तर आगपेटींतील जग रंगांनीं भरलेलें. तिला काय हवें आहे, हें त्या भेदावरूनच उमगतें. दुसरें साधन प्रमाण. मुठींत मावणाऱ्या पेटींतून विस्तीर्ण प्रदेश उघडतो. तिसरें साधन हालचाल. पडद्यावरून दर सेकंदास २४ चित्रें सरकतात. १५ मिनिटांस हा आंकडा २१,६०० होतो. एक चित्र दोनदां वापरलें तरी १०,८०० चित्रें लागतील. म्हणून अशा चित्रपटांत कोणी नुसतें स्तब्ध बसलें, तरी तें बसणेंही चित्रकारानें विचारपूर्वक योजिलेलें असतें.

त्या वृद्धेची ओढ एकतर्फी आहे. भोंवतालचें शहर तिला साद देत नाहीं. तरीही ती कोणावर रुसत नाहीं, कोणावर आपली माया लादीतही नाहीं. प्रत्येक प्रेमास प्रतिसाद मिळतोच असें नाहीं. तो न मिळाल्यास दुसऱ्यास दोष न देतां आपली ओढ मनांत जपणें, हें तरुण वाचकांनीं तिच्यापासून शिकावें.

परंतु जेथें प्रतिसाद देणें आपल्या हातीं आहे, तेथें आपण गप्प कां रहावें? दौंडाहून कितीतरी मंडळी रोज पहाटेच्या गाडीनें पुण्यास जातात आणि दिवेलागणीनंतर परततात. घरीं आजी दिवसभर वाट पहात असते. ती तसें बोलून दाखवीत नाहीं. विद्यार्थी मित्रहो, आज घरीं गेल्यावर दप्तर ठेवून घटकाभर तिच्याजवळ बसा.