आंबेडकरी जलसा : गाणे आणि नोंद

बाबासाहेबांचा विचार खेड्यापाड्यांत कसा पोहोचला, असे विचारले तर आजची मुले ग्रंथांची आणि वृत्तपत्रांची नावे सांगतात. 'मूकनायक' १९२० साली निघाला, 'बहिष्कृत भारत' १९२७ साली. परंतु ज्या समाजाला पिढ्यान्पिढ्या अक्षरापासून दूर ठेवले, त्याच्या वस्तीत वाचणारा एखादाच असे. ऐकणारी मात्र सारी वस्ती असे. म्हणूनच जलशाचे मोल मोठे आहे.

जलशाचे अंग तमाशाचेच. ढोलकी, तुणतुणे, झील धरणारे साथीदार, बतावणी आणि वग. महात्मा फुल्यांच्या सत्यशोधक चळवळीने हा साचा आधीच प्रबोधनासाठी वापरला होता. १९३० नंतर नाशिक जिल्ह्यातील शाहीर भीमराव कर्डक यांनी तो आंबेडकरी चळवळीसाठी उभा केला. मंदिरप्रवेश, शिक्षण, मृतमांसाचा त्याग, गावकीची हलकी कामे सोडणे, पुढे धर्मांतर, हे जलशांचे विषय. भाषणातून सांगितले तर माणूस रागावतो; तेच बतावणीतून सांगितले तर हसता हसता विचार करू लागतो. कर्डकांचा एक जलसा आपल्या दहा सभांच्या बरोबरीचा आहे, असे बाबासाहेब म्हणत, अशी आठवण सांगितली जाते.

कर्डक गाऊन थांबले नाहीत, हे विशेष. त्यांनी 'आंबेडकरी जलसे : स्वरूप व कार्य' हे पुस्तक लिहिले; ते १९७८ साली प्रसिद्ध झाले. कलावंतानेच आपल्या कलेचा इतिहास लिहून ठेवला. पुढे डॉ. कृष्णा किरवले यांनी 'आंबेडकरी शाहिरी : एक शोध' हा ग्रंथ सिद्ध केला. ज्या गाण्याला एकेकाळी गावकुसाबाहेरचे म्हणून हिणवले गेले, ते आता विद्यापीठात अभ्यासले जाते.

आपल्या मराठवाड्याचे काय? १९७८ सालीच, २७ जुलैला विधिमंडळात विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि आपल्या वस्त्या पेटल्या. नांदेड जिल्ह्यात पोचिराम कांबळे यांची हत्या झाली. १९९३ साली नांदेडमध्ये गौतम वाघमारे यांनी आत्मदहन केले. १४ जानेवारी १९९४ रोजी नामविस्तार झाला. या सोळा वर्षांत गावोगाव गाणी रचली गेली. त्यांतील किती कागदावर आहेत?

हीच गोष्ट ओव्यांची. गी पॉइटवॅं आणि हेमा राईरकर यांनी महाराष्ट्रातील जात्यावरच्या लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. १९९६ साली बीड जिल्ह्यात माजलगावच्या भीमनगरातील भगिनींनी गायिलेल्या भीमाच्या ओव्या ध्वनिमुद्रित झाल्या. शाळेचे तोंड न पाहिलेल्या या मायमाऊल्यांनी बाबासाहेबांना घरातला माणूस मानून गायिले. असे भीमनगर नांदेड-लातूरच्या प्रत्येक तालुक्यात आहे. वही घेऊन बसणारा मात्र नाही.

बँकेच्या नोकरीत एक गोष्ट रोज अनुभवास येते. रक्कम खरी असली तरी खातेवहीत नोंद नसेल तर तिच्यावर हक्क सांगता येत नाही. समाजाच्या ठेव्याचेही तसेच आहे.

वर्षावासात ग्रंथवाचनासाठी विहारात वृद्ध माता जमतात. वाचन संपल्यावर अर्धा तास त्यांच्याकडून एकेक गाणे ऐकावे. महाविद्यालयीन मुलामुलींनी गाण्याचे शब्द जसेच्या तसे, बोली न सुधारता लिहावेत. गाणारीचे नाव, तिचे माहेर-सासर, गाणे कोणाकडून आले, कोणत्या प्रसंगी म्हणत, एवढे खाली नोंदवावे. घरातल्या जुन्या कॅसेट खराब होण्याआधी त्यांतील गाणी मोबाईलवर उतरवून घ्यावीत. याला पैसा लागत नाही, मोठी विद्वत्ताही लागत नाही. आज गाणाऱ्या आजी ऐंशीच्या घरात आहेत. म्हणून हे काम पुढच्या वर्षावासावर ढकलू नये, एवढीच समाजबांधवांना विनंती. जयभीम!