विवस्त्र समाजाचे स्वप्न

'न्यूडिझम' हा शब्द उच्चारला की वर्गात हशा पिकतो आणि विषय तेथेच संपतो. वास्तविक या चळवळीच्या आरंभी एक गंभीर सामाजिक विचार होता. त्या विचाराचे पुढे काय झाले, हे येथे थोडक्यात पाहावयाचे आहे.

या इतिहासातील पहिले प्रकरण आपल्या माथेरानशी निगडित आहे, हे वाचून अनेकांना नवल वाटेल. मुंबई इलाख्यातील जिल्हा व सत्र न्यायाधीश चार्ल्स क्रॉफर्ड यांनी १८९१ साली 'फेलोशिप ऑफ द नेकेड ट्रस्ट' हे मंडळ स्थापन केले. विवस्त्र राहणाऱ्यांचे, आज ज्ञात असलेले, हे पहिले संघटित मंडळ होय. आरंभी सभासद अवघे तीन! इंग्लंडमधील समाजवादी लेखक एडवर्ड कार्पेंटर यांना क्रॉफर्ड यांनी मंडळाची हकीकत पत्रांतून कळविली होती. पुढे त्यांची रत्नागिरीस बदली झाली आणि मंडळ मोडले.

चळवळ खऱ्या अर्थाने रुजली ती जर्मनीत. कारखान्यांची शहरे वाढली, कोंदट चाळींत क्षय व मुडदूस यांनी ठाण मांडले. त्यावर उपाय म्हणून शाकाहार, मद्यत्याग, निसर्गोपचार व सूर्यस्नान यांचा पुरस्कार होऊ लागला. १९०३ साली पाउल झिमरमान यांनी ल्यूबेकजवळ क्लिंगबर्ग येथे विवस्त्र विहारासाठी उद्यान उघडले. पोशाख माणसाचा दर्जा सांगतो. तो उतरला की मालक आणि मजूर ओळखू येणार नाहीत, अशी यातील अनेकांची श्रद्धा होती.

परंतु याच विचाराला दोन फाटे फुटले. रिशार्ड उंगेविटर यांनी १९०६ साली नग्नतेवर ग्रंथ लिहिला. त्यांच्या प्रचारात निरोगी शरीराचा संबंध जर्मन वंशाच्या शुद्धतेशी जोडला गेला. उलट बर्लिनचे शिक्षक आडोल्फ कोख यांनी कामगारांच्या मुलाबाळांसाठी व्यायामशाळा काढल्या. तेथे विवस्त्र व्यायामाच्या जोडीला वैद्यकीय तपासणीही होत असे. १९२९ साली बर्लिनमध्ये चळवळीची आंतरराष्ट्रीय परिषद भरली, तीही कोख यांच्याच पुढाकाराने.

१९३३ साली नाझी सत्तेवर आले. गोअरिंग यांच्या हुकुमाने चळवळीवर बंदी आली आणि कोख यांच्या शाळा बंद पडल्या. मात्र वंशवादी विचारांच्या गटांना थोड्याच काळात नव्या राजवटीच्या छत्राखाली पुन्हा जागा मिळाली. म्हणजे राज्यकर्त्यांना खरा सलत होता तो नागडेपणा नव्हे, तर कोख यांची समता, असेच म्हणावे लागते.

सर्वांनी एकच गणवेश घालावा असे आपण शाळेत म्हणतो, त्यामागचा हेतूही हाच आहे. पण गणवेशातही मुले एकमेकांचे आडनाव विचारतातच. वस्त्र बदलणे वा उतरविणे सोपे. मनात बसलेली उतरंड उतरविणे अवघड. कोख यांचा प्रयत्न आठवावयाचा तो यासाठी.