कर्णधारपदाचा मान

खेळाच्या मैदानावर सर्वांना एकच नियम लागू असतो. फलंदाज श्रीमंत असो वा गरीब, चेंडू यष्टीवर आदळला की त्याला परतावेच लागते. परंतु मैदानावर कोणी उतरावे आणि संघाचे नेतृत्व कोणी करावे, हे ठरविणारी माणसेच असतात. आणि माणसांचे निर्णय नेहमीच न्यायाचे असतात असे नाही. विठ्ठल पालवणकर या थोर फलंदाजाला हा अनुभव पुरेपूर आला.

पालवणकरांचे घराणे मूळचे कोकणातले. जातीने ते चर्मकार. त्या काळी या समाजास अस्पृश्य मानीत. वडील लष्कराच्या नोकरीत असल्यामुळे मुलांचे बालपण पुण्यात गेले. बाळू, शिवराम, विठ्ठल आणि गणपत हे चारही भाऊ पुढे क्रिकेटपटू म्हणून नावारूपास आले. त्यांतील थोरले बाळू. त्यांनी आरंभी मैदान झाडण्याचे आणि खेळपट्टीवर रूळ फिरविण्याचे काम केले. त्याबद्दल त्यांना महिना तीन रुपये मिळत. पुढे पुण्याच्या युरोपियन जिमखान्यात साहेबलोकांना सरावासाठी ते चेंडू टाकू लागले. तासन् तास चेंडू टाकावयाचे काम त्यांचे. बॅट मात्र त्यांच्या हाती कोणी देत नसे. या कष्टातूनच डाव्या हाताने संथ गोलंदाजी करणारा एक असामान्य गोलंदाज तयार झाला.

पुण्याच्या हिंदू संघाला बाळूंची गोलंदाजी हवी होती. त्यांना संघात घेण्यात आले. मैदानावर इतर खेळाडू त्यांच्याबरोबर एकाच चेंडूला स्पर्श करीत. परंतु चहाची वेळ झाली की, इतरांचा चहा आत आणि बाळूंचा चहा बाहेर, मातीच्या निराळ्या भांड्यात! ज्या हातांनी संघाला विजय मिळवून द्यावयाचा, त्याच हातांना घरचा पेला चालत नसे. बाळूंनी हा अपमान गिळला आणि आपले काम चोख बजावले. १९११ मध्ये पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली भारतीय संघ इंग्लंडला गेला. त्या दौऱ्यात बाळूंनी शंभराहून अधिक बळी मिळविले. शिवरामही त्या संघात होते.

त्या काळी क्रिकेट खेळून पोट भरण्याची सोय आपल्या देशात नव्हती. इंग्लंडात फुटबॉलचे मोठमोठे संघ खेळाडूंना आठवड्याचे वेतन देत. १९२२ पासून ते जास्तीत जास्त आठ पौंड असावे असा नियम होता. आपल्याकडे मात्र चांगल्या खेळाडूस रेल्वेसारखी एखादी कंपनी नोकरी देई, आणि नोकरी सांभाळून तो खेळे. बाळूंनाही मुंबईस बी. बी. सी. आय. रेल्वेत असेच काम मिळाले होते.

विठ्ठल हे मुख्यतः फलंदाज. गोलंदाजी हे श्रमाचे काम आणि फलंदाजी हा मानाचा भाग, अशी त्या वेळची समजूत होती. थोरल्या भावाच्या हाती जी बॅट सहजासहजी आली नाही, तिच्याच बळावर धाकट्याने नाव मिळविले. पहिल्या महायुद्धानंतरच्या काळात देशातील उत्तम फलंदाजांत त्यांची गणना होऊ लागली.

मुंबईत त्या वेळी चौरंगी सामने होत. हिंदू, पारशी, मुसलमान आणि युरोपियन असे चार संघ त्यांत भाग घेत. खेळाडूंची धर्मावरून अशी विभागणी करणे योग्य नव्हे, हे पुढे अनेकांना पटले आणि १९४६ नंतर हे सामने बंद पडले. पण त्या काळी या सामन्यांचे महत्त्व फार मोठे होते.

१९२० साली हिंदू संघाचे कर्णधार एम. डी. पै आजारी पडले. संघात विठ्ठल आणि शिवराम यांच्यासारखे अनुभवी खेळाडू असूनही नेतृत्व दुसऱ्याच खेळाडूकडे देण्यात आले. बाळूंना तर संघातूनच वगळण्यात आले. तेव्हा दोघा भावांनी संघातून अंग काढून घेतले. खेळातील योग्यता बाजूस सारून जातीच्या मोठेपणास मान दिला जात आहे, असा त्यांचा आक्षेप होता. तो त्यांनी वर्तमानपत्रांतून उघडपणे मांडला. ज्या खेळावर आपली सारी प्रतिष्ठा अवलंबून, तोच खेळ सोडून बाहेर बसणे सोपे नव्हते. त्यांना पुन्हा कधी बोलावणे आले नसते तर? तरीही ते डगमगले नाहीत.

लोकांत चर्चा झाली आणि निवड करणाऱ्यांना विचार करणे भाग पडले. पारशांविरुद्धच्या अंतिम सामन्यात दोघे भाऊ परत आले. बाळूंना उपकर्णधार करण्यात आले. पै मैदानावर परतले होते. पण काही काळ ते स्वतः बाहेर थांबले आणि बाळूंना नेतृत्वाची संधी मिळाली.

पुढे १९२३ मध्ये विठ्ठल हिंदू संघाचे कर्णधार झाले. त्या वर्षी अंतिम सामन्यात त्यांच्या संघाने युरोपियनांना हरविले. विजयाच्या आनंदात लोकांनी त्यांना खांद्यांवर उचलून घेतले. उच्चवर्णीय म्हणविणाऱ्यांचे खांदेही त्यांत होते. १९२३ ते १९२६ या चार वर्षांत हिंदू संघाने तीनदा विजय मिळविला. त्या काळात त्या संघातून खेळणारे सी. के. नायडू पुढे १९३२ मध्ये भारताच्या पहिल्या कसोटी सामन्यात कर्णधार झाले.

असा अन्याय केवळ आपल्याच देशात होता असे नाही. इंग्लंडातही पैसे घेऊन खेळणारे आणि हौसेने खेळणारे अशी क्रिकेटपटूंची विभागणी असे. दोघांच्या कपडे बदलण्याच्या खोल्याही वेगळ्या. विसाव्या शतकात इंग्लंडच्या कसोटी संघाचे कर्णधारपद पहिल्या वर्गातील खेळाडूस मिळण्यास १९५२ साल उजाडावे लागले. त्या वर्षी लेन हटन कर्णधार झाले.

मुंबईच्या मैदानावर मिळालेल्या मानामुळे समाजातील भेद संपले नाहीत. १९३० च्या २ मार्च रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखाली नाशिक येथे काळाराम मंदिर प्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला, तेव्हा मंदिराची दारे बंदच होती. अनेक वर्षे लढूनही ती त्या वेळी उघडली नाहीत. १९५० मध्ये अंमलात आलेल्या भारतीय संविधानाने अस्पृश्यता नष्ट झाल्याचे जाहीर केले. एका विजयाने हे साधण्याजोगे नव्हते. पण अशा प्रत्येक प्रसंगाने लोकांच्या मनाला विचार करावयास लावले.

विठ्ठलांनी आपली हकीकत ‘माझे क्रीडा-जीवन’ या मराठी पुस्तकात लिहून ठेविली. ते १९४८ साली प्रसिद्ध झाले. धावा काढणारे फलंदाज पुष्कळ होऊन गेले. पण न्यायासाठी हातची बॅट खाली ठेवणारा आणि वेळ येताच ती पुन्हा तितक्याच समर्थपणे उचलणारा खेळाडू विरळा.

स्वाध्याय

१. बाळू पालवणकर यांना खेळाच्या आरंभी कोणती कामे करावी लागली?
२. ‘मैदानावर एक चेंडू, पण चहाला निराळे भांडे.’ या वागण्यातील विसंगती तुमच्या शब्दांत सांगा.
३. १९२० साली विठ्ठल आणि शिवराम यांनी संघ का सोडला? तसे करण्यात कोणता धोका होता?
४. पुढील शब्दप्रयोग वाक्यांत वापरा : अपमान गिळणे, अंग काढून घेणे, भाग पडणे.
५. तुमच्या वर्गाच्या संघाचा कर्णधार निवडताना तुम्ही कोणते गुण पाहाल? दहा ओळी लिहा.