दिलेला शब्द



आपण म्हणतो, "मी त्याला शब्द दिला आहे." शब्द देता येतो, पाळता येतो आणि मोडताही येतो. म्हणजे शब्द हा नुसता तोंडचा वारा नव्हे, हे आपली मायबोलीच आपल्याला शिकवते. उच्चारलेले वचन जिथे खरोखरच जग बदलून टाकते, अशा एका कल्पित जगाकडे आज पाहू या.

हे जग निर्माण करणारे लेखक जे. आर. आर. टोल्कीन (१८९२–१९७३) हे ऑक्सफर्डमधील प्राध्यापक आणि श्रद्धावंत कॅथलिक होते. त्यांच्या आईने १९०० साली कॅथलिक श्रद्धा स्वीकारली. १९०४ साली ती वारल्यावर या पोरक्या मुलांचा सांभाळ फादर फ्रान्सिस मॉर्गन या धर्मगुरूंनी केला. टोल्कीन यांची 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही कादंबरी १९५४-५५ मध्ये तीन भागांत प्रसिद्ध झाली. आपल्या तरुणांना तिच्यावरचे चित्रपट ठाऊक असतील.

१. मोडलेली शपथ

या कथेत डोंगरातले लोक राजा इसिल्दूरला युद्धात साथ देण्याची शपथ घेतात. मात्र हाक येते तेव्हा ते लपून बसतात. राजा त्यांना शाप देतो की शपथ पुरी होईपर्यंत त्यांना विसावा मिळणार नाही. ते मरतात, पण मरूनही सुटत नाहीत. तीन हजारांहून अधिक वर्षे ते अंधारात भटकत राहतात. अखेर त्याच राजाचा वंशज अ‍ॅरागॉर्न त्यांना पुन्हा बोलावतो. या वेळी ते येतात व दिलेले वचन पाळतात. तो त्यांची शपथ पूर्ण झाल्याचे जाहीर करतो आणि ते शांत होतात.

२. घेऊ नये ती शपथ

टोल्कीन यांच्या निधनानंतर १९७७ साली निघालेल्या 'द सिल्मरिलियन' या ग्रंथात याची उलट बाजू दिसते. चोरीला गेलेली रत्ने जो कोणी जवळ बाळगील, त्याचा पाठलाग करण्याची शपथ फेआनोर आणि त्याचे सात मुलगे रागाच्या भरात देवाच्या नावाने घेतात. त्या शपथेपायी ते आपल्याच आप्तांचे रक्त सांडतात. शेवटी उरलेल्या दोघा भावांच्या हाती रत्ने येतात, पण ती त्यांचे हात भाजून काढतात.

इथे हेरोद राजाची आठवण होते (मार्क ६). पाहुण्यांसमोर दिलेल्या शब्दाखातर त्याने बाप्तिस्मा करणाऱ्या योहानचा शिरच्छेद करवला. हेरोदाची चूक शब्द देतानाच झाली होती. तो पाळून त्याने दुसरे आणि अधिक मोठे पाप केले. ख्रिस्तसभेची शिकवण स्पष्ट आहे: पाप करण्याची शपथ कोणालाही बांधत नाही.

३. शब्दाने घडते ते

ही केवळ कल्पना आहे का? टोल्कीन ज्या काळात ऑक्सफर्डमध्ये शिकवत होते, त्याच काळात तिथे जे. एल. ऑस्टिन हे तत्त्वज्ञही शिकवत होते. १९५५ साली हार्वर्ड येथे दिलेल्या व्याख्यानांत त्यांनी दाखवून दिले की काही वाक्ये माहिती देत नाहीत, ती कृती करतात. "पाऊस पडतो आहे" या वाक्याने पाऊस पडत नाही. परंतु "मी वचन देतो" असे म्हणताच वचन दिले जाते.

आपल्या वेदीसमोर हेच घडते. वधूवरांच्या संमतीने विवाह घडतो, असे ख्रिस्तसभेचा कायदा सांगतो (कॅनन १०५७). लॅटिन परंपरेनुसार हा संस्कार वधूवरच एकमेकांना देतात, धर्मगुरू ख्रिस्तसभेचा साक्षीदार असतो. मंडप, बँड, जेवणावळ काहीही नसले तरी विवाह होतो. संमती नसेल, तर सगळा थाट असूनही विवाह होत नाही.

४. राहिलेला नवस

नवस बोलून तो राहून गेला म्हणून मनात भीती घेऊन जगणारे भाविक पुष्कळ आहेत. "आजोबांचा नवस फेडला नाही, म्हणून घरात आजारपण आहे," असेही बोलले जाते. त्यांच्यासाठी तीन गोष्टी सांगाव्याशा वाटतात.

पहिली, देवाला विचारपूर्वक व मोकळेपणाने दिलेले वचन पाळणे हे आपले कर्तव्य आहे. दुसरी, नवस हा बोलणाऱ्यालाच बांधतो (कॅनन ११९३), आजोबांचा नवस नातवाच्या मानेवर बसत नाही. तिसरी, स्वतःचा नवस फेडणे जमत नसेल, तर आपल्या धर्मग्रामाच्या प्रमुख धर्मगुरूंना भेटा. योग्य कारण असल्यास व त्यामुळे कोणाच्या हक्काला बाध येत नसल्यास, ते खाजगी नवसातून सूट देऊ शकतात (कॅनन ११९६). देव हा वसुलीसाठी दारात उभा राहणारा सावकार नाही.

५. पेत्राची वाट

पेत्राने प्रभूबरोबर मरण्याचे वचन दिले आणि त्याच रात्री शपथ वाहून त्याला नाकारले (मत्तय २६). प्रभूने त्याला शाप दिला नाही. सरोवराच्या काठी त्याने पेत्राला तीनदा प्रेमाबद्दल विचारले आणि तीनदा आपली मेंढरे सोपवली (योहान २१). कथेतल्या सैनिकांना दुसऱ्या हाकेसाठी तीन हजार वर्षे थांबावे लागले. आपल्यासाठी ती हाक प्रायश्चित्त संस्कारात केव्हाही तयार आहे.

प्रभू येशू आपल्याला शपथाच वाहू नका असे सांगतो, आपले 'होय' हे 'होय' असावे (मत्तय ५). ज्याच्या साध्या शब्दावर घरच्यांचा विश्वास असतो, त्याला शपथेची गरज पडत नाही.

चिंतनासाठी

१. मी दिलेला कोणता शब्द आज कोणाला तरी वाट पाहायला लावत आहे?
२. लग्नात दिलेले वचन माझ्या रोजच्या बोलण्यात दिसते का?
३. मुलांना गप्प करण्यासाठी मी पाळायचे नसलेले शब्द देतो का?

प्रार्थना: हे प्रभो, तू दिलेला शब्द कधी मागे घेतला नाहीस. आमचे ओठ आणि आमचे जीवन एक कर. आमेन.