शीघ्र न्यायाचा हक्क आणि कच्चे कैदी
शेणव्यासारख्या गावातील मजूर किरकोळ चोरीच्या आरोपावरून तुरुंगात गेला आणि त्यास जामीनदार मिळाला नाही, तर निकालापूर्वीच त्याची बरीचशी शिक्षा भोगून होण्याचा संभव असतो. शीघ्र न्याय हा राज्यघटनेच्या २१ व्या अनुच्छेदातच अंतर्भूत असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने १९७९ साली हुसैनारा खातून प्रकरणी सांगितले. बॅ. अंतुले प्रकरणात, डिसेंबर १९९१ मध्ये, घटनापीठाने हा हक्क तपासापासून अपिलापर्यंत मानला. खटल्यास कालमर्यादा घालण्याचे मात्र नाकारले. मजुराच्या दृष्टीने भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे, १ जुलै २०२४ पासून अमलात आलेले, कलम ४७९ अधिक उपयोगाचे. पूर्वी कधी दोषी न ठरलेल्या आरोपीने कमाल शिक्षेच्या एकतृतीयांश काळ कोठडीत काढल्यास त्यास बंधपत्रावर सोडावयाचे असते, व त्यासाठी न्यायालयास अर्ज करणे हे तुरुंग अधीक्षकाचे कर्तव्य आहे. फाशी वा जन्मठेपेच्या गुन्ह्यांस ही तरतूद लागू नाही. सरपंचांनी अटकेची तारीख तेवढी नोंदवून ठेवावी. मोजणी कोठडीच्या पहिल्या दिवसापासून होते.